कुळी कशाला हवी?

शाळाप्रवेशाच्या अर्जात ‘मूळ गाव’ असा एक रकाना असतो. काही वर्षांपूर्वी पालावर राहणारा एक बाप आपल्या मुलाला घेऊन माझ्याकडे आला आणि नेमका त्या रकान्यापाशी अडला. “कुठलं सांगू, गुरुजी? मी जन्मलो ते, का पोरगं जन्मलं ते?” अखेर मी आमच्याच गावाचे नाव घातले.

डॉ. इयान हॅनकॉक यांचा ‘वुई आर द रोमानी पीपल’ (२००२) हा इंग्रजी ग्रंथ वाचताना तो बाप मला वारंवार आठवला. ज्यांना युरोप-अमेरिका ‘जिप्सी’ म्हणते, त्यांचा हा रकाना शतकानुशतके परक्यांनीच भरला. ‘जिप्सी’ हे नावही इजिप्तवरून, चुकीच्या समजुतीने पडलेले. येथे तो रकाना घरचा माणूस भरतो आहे. हॅनकॉक स्वतः रोमानी आहेत. १९४२ साली लंडनमध्ये त्यांचा जन्म झाला आणि पुढे अमेरिकेत टेक्सास विद्यापीठात ते भाषाशास्त्राचे प्राध्यापक झाले.

ग्रंथातील इतिहासाचा भाग भक्कम आहे. आजच्या रुमानियाच्या परिसरातील वालाखिया आणि मोल्दाविया या संस्थानांत रोमा सुमारे पाच शतके गुलाम होते. ही गुलामगिरी १८५५-५६ मध्ये संपली. त्यानंतर बाहेर पडलेल्यांपैकी काही एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अमेरिकेला पोहोचले. त्यांत तांब्याची भांडी घडविणारे व कल्हई करणारे काल्देराश होते. तो धंदा बसला तशी ही कुटुंबे शहरांत आली आणि बायकांनी रस्त्यालगतच्या गाळ्यात भविष्य सांगण्याचे दुकान मांडले. नव्या देशाने त्यांना वागविले कसे? न्यू जर्सी राज्यात १९१७ साली भटक्या जिप्सींवर निर्बंध घालण्याची मुभा देणारा कायदा झाला. तो रद्द झाला १९९८ साली. आपल्याकडचा १८७१ चा गुन्हेगार जमातींचा कायदा १९५२ मध्ये गेला. सोलापूरच्या सेटलमेंटचे तारेचे कुंपण ठाऊक असलेल्या वाचकाला ही सेहेचाळीस वर्षांची तफावत बोलकी वाटेल.

भाषेविषयीचा मजकूर तर मराठी वाचकाने मोठ्याने वाचावा असा आहे. रोमानी भाषेत एक म्हणजे ‘येक’, दोन ‘दुय’, तीन ‘त्रिन’, दहा ‘देश’. कानाला ‘कान’, माणसाला ‘मानुश’, मिठाला ‘लोन’. मध्येच सात, आठ, नऊ हे आकडे मात्र ग्रीक. घर म्हणजे ‘खेर’, हा शब्द इथला. रस्ता म्हणजे ‘द्रोम’, तो ग्रीक. भटके म्हणून ज्यांना हिणवले, त्यांनी घर इथून नेले आणि रस्ता त्यांना वाटेत मिळाला!

‘मारिमे’ ही त्यांची विटाळाची कल्पना. कमरेवरचे आणि कमरेखालचे कपडे एकत्र धुवायचे नाहीत, तोंड पुसण्याचा पंचा वेगळा, परक्याच्या घरचे अन्न जपून. ज्याने लहानपणी सोवळेओवळे पाहिले त्याला हे समजावून सांगावे लागत नाही. गोरा शेजारी त्यांना घाणेरडे म्हणतो. त्यांच्या लेखी एकाच मोरीत भांडी आणि कपडे धुणारा तो शेजारीच अमंगळ. सोवळे कोणाला तरी दाराबाहेर ठेवते हे आपण जाणतोच. येथे दाराबाहेर ठेवलेलेच ते पाळतात, हे विशेष.

माझा मतभेद आहे तो मूळपुरुषांविषयी. अकराव्या शतकात गझनीच्या स्वाऱ्यांच्या काळात निरनिराळ्या जातींतून उभे राहिलेले रजपूत सैन्य आणि त्यामागचा तांडा यांतून हा समाज घडला, असे हॅनकॉक मांडतात. अनेक जातींचा मिळून नव्या वाटेवर एक समाज झाला, हा त्यातला विचार मोलाचा आहे. पण त्यावर चढविलेला योद्ध्याचा पोशाख आपल्या चांगलाच ओळखीचा आहे. गेल्या शतकात कितीतरी जातींनी छापून घेतलेले आपापले वृत्तांत क्षत्रियत्वाच्या शोधाने भरलेले आहेत. ज्याला जग चोर म्हणते त्याला पूर्वज योद्धे हवेसे वाटणे समजू शकते. परंतु ‘रोम’ हे नाव ‘डोम’ या जातिनामाशी जोडणारेही अभ्यासक आहेत. ते खरे असले, पूर्वज गाणारे-वाजवणारे असले, तर बिघडले काय? माणुसकीचा हक्क कुळीवर टांगला की ज्याला कुळी नाही तो हक्कालाही मुकतो. लक्ष्मण माने यांच्या ‘उपरा’त (१९८०) किंवा लक्ष्मण गायकवाड यांच्या ‘उचल्या’त (१९८७) पूर्वजांना घोड्यावर बसविलेले नाही. म्हणूनच त्या पुस्तकांपुढे वाचकाची मान खाली जाते.

दुसरी उणीव माणसांची. ॲन सदरलँड यांचे ‘जिप्सीज : द हिडन अमेरिकन्स’ (१९७५) हे कॅलिफोर्नियातील रोमांवरचे पुस्तक बाहेरच्या बाईने लिहिलेले, पण त्यात नात्यागोत्याचे ताणतणाव, ‘क्रिस’ या पंचायतीतील तंटे, सरकारी कचेरीतले हेलपाटे जवळून दिसतात. हॅनकॉक यांच्या ग्रंथात एक समाज दिसतो. त्यातली आजी, सून, शाळकरी पोर क्वचितच. हा दोष लेखकाचा म्हणावा काय? ज्याला पानोपानी ‘आम्ही कोण’ हे सिद्ध करावयाचे असते, त्याला गोष्ट सांगायला सवड कोठून?

हे मी कोणत्या उंच आसनावरून बोलत नाही. आम्हा सीमाभागातील लिहिणाऱ्यांनाही पुराव्यांची सवय जडली आहे. शिलालेख, जुनी दप्तरे, खानेसुमारीचे आकडे! ते काम कोणीतरी केलेच पाहिजे. पण माझी आई देवापुढे मराठीत बोलायची आणि भाजीवालीशी कानडीत भांडायची, हे मी आजवर कोठे लिहिले नाही. पुरावा कच्चा होईल, अशी भीती होती.

हॅनकॉक यांचा ग्रंथ मराठीत यावा, आणि तो ‘उपरा’च्या शेजारी ठेवून वाचला जावा. खाण्यापिण्याची आणि भाषेची पाने आधी वाचावीत. तेथे लेखक वकिली विसरून घरात शिरला आहे. रजपुतांची पाने मागाहून वाचली तरी चालतील. माझ्या रजिस्टरातील त्या मुलाचे मूळ गाव चुकीचे असेल. पण वर्गातली त्याची जागा त्यावर अवलंबून नव्हती.