‘लीलावती’तील इष्टकर्म : एक चिकित्सक दृष्टिक्षेप

प्रस्तावना : भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’चे (इ.स. 1150) कौतुक बहुधा काव्य म्हणून होते. तथापि तिच्यातील शाब्दिक उदाहरणे काव्यगुणांपेक्षा अज्ञात संख्या शोधण्याचे साधन म्हणून तपासणे अधिक उद्बोधक ठरते.

विवेचन : इष्टकर्म ही रीत सोपी आहे. कोणतीही सोयीची संख्या ‘इष्ट’ मानावी, तिच्यावर उदाहरणात सांगितलेल्या क्रिया कराव्यात आणि आलेल्या फळावरून त्रैराशिकाने खरी संख्या काढावी. कमळांच्या उदाहरणात एकूण कमळांचा तिसरा, पाचवा, सहावा व चौथा भाग चार देवतांना वाहिला जातो आणि उरलेली 6 कमळे गुरूंना अर्पण होतात. इष्ट 60 घेतल्यास शेष 3 येते. प्रत्यक्ष शेष त्याच्या दुप्पट असल्याने कमळे 120.

भुंग्यांच्या उदाहरणात एक पंचमांश भुंगे कदंबावर, एक तृतीयांश शिलींध्रावर आणि त्या दोन भागांतील फरकाच्या तिप्पट कुटजावर जातात. केतकी व मालती यांच्या गंधात घुटमळणारा एकच भुंगा उरतो. येथे एक पंधरांश भाग म्हणजे 1. म्हणून थवा 15 भुंग्यांचा. डोळ्यांना दिसणारा एकटा भुंगा हीच गणितातील ‘दृष्ट’ संख्या आहे. कल्पनाचित्र व गणिताची रचना येथे एकरूप होतात. हा गुण सर्वत्र नाही. संख्येची पाचपट करून त्यातून तिचाच तृतीयांश वजा करणे, अशा क्रियांतून 68 गाठणारे, 48 उत्तराचे उदाहरण निव्वळ कवायतीचे आहे.

रीतीची मर्यादाही ध्यानी घ्यावी लागते. ‘दुपटीत 7 मिळवल्यास 31 होतात’ या उदाहरणात इष्ट 5 मानल्यास 17 येतात. त्यावरून त्रैराशिकाने खरे उत्तर 12 मिळत नाही. कारण सुटी संख्या मिळवताच प्रमाण मोडते. रीत पाठ असलेला विद्यार्थी येथे चुकतो. तिचे कारण जाणणारा व्यस्तविधी किंवा ‘बीजगणिता’तील अव्यक्त राशीकडे वळतो.

समारोप : भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचे नातू चांगदेव यांनी मठ स्थापल्याची नोंद जळगाव जिल्ह्यातील पाटण येथील शिलालेखात आहे. हा वारसा केवळ गौरवाने टिकणार नाही. ‘बेरीज’, ‘वजा’, ‘निम्मे’ असे शब्द हेरून क्रिया करणाऱ्या विद्यार्थ्याला रीत कोठे चालते व कोठे अडते, हे दाखवणे हीच ‘लीलावती’ची खरी समीक्षा होय.