चालत्या चित्रावरील टीका

टीका या शब्दाचे मराठींत दोन अर्थ रूढ आहेत. मूळ ग्रंथाचें विवरण हा जुना अर्थ, आणि गुणदोषांचें विवेचन हा नवा. ज्ञानेश्वरांनीं शके 1212 मध्यें, म्हणजे इ. स. 1290 सालीं, गीतेवर जी भावार्थदीपिका सांगितली ती पहिल्या अर्थानें टीका होय. नव्या पुस्तकाची मासिकांतून जी झडती घेतली जाते ती दुसऱ्या अर्थानें. या दोन्ही अर्थांस पात्र अशी एक तिसरी टीका गेल्या कांहीं दशकांत जन्मास आली आहे. चालत्या चित्रावर हातानें रेघा ओढून, बोलतां बोलतां केलेलें विवरण तें हें. क्रिकेटचा सामना दाखवितांना समालोचक क्षेत्ररक्षकाभोंवतीं वर्तुळ काढतो, चेंडूच्या वाटेवर बाण ओढतो, फलंदाजाच्या मागच्या पायाखालीं आडवी रेघ मारतो, आणि क्षणभरानें तें सारें पुसून टाकतो. हा प्रकार इतका नित्याचा झाला आहे कीं, त्याकडे चिकित्सक दृष्टीनें पाहण्याचें कोणास सुचत नाहीं. तथापि ज्या साधनानें असंख्य माणसें पाहावयास शिकतात, त्याचे गुणदोष तपासणें हें टीकाकाराचें काम आहे, असें आम्ही समजतों.

या साधनास टेलिस्ट्रेटर म्हणतात. लिओनार्ड रायफेल या अमेरिकन पदार्थविज्ञानशास्त्रज्ञानें 1950 नंतरच्या दशकाच्या अखेरीस, शिकागो येथील दूरचित्रवाणीवरील आपल्या विज्ञानविषयक कार्यक्रमांत आकृति काढून दाखविण्यासाठीं तें वापरलें. म्हणजे त्याचा जन्म शिकविण्यासाठीं झाला. पुढें 1982 च्या जानेवारींत अमेरिकन फुटबॉलच्या अंतिम सामन्यांत जॉन मॅडन या समालोचकानें तें हातीं घेतलें, आणि तेथून तें खेळाच्या मुलुखांत कायमचें वसलें. त्याची युक्ति साधी आहे. काचेवर बोट किंवा लेखणी जेथें टेकते ती जागा यंत्र ओळखतें, त्या जागीं रंगीत ठिपका उमटवितें, आणि ठिपक्यांची झालेली रेघ मूळ चित्रावर ठेवून दोन्ही एकत्र दाखवितें. मूळ चित्रास धक्का लागत नाहीं. रेघ पुसली कीं खालचें चित्र जसेंच्या तसें! कोणाहि टीकाकारास हेवा वाटावा अशी ही सोय आहे. कारण ग्रंथाच्या समासांत शाईनें लिहिलेली टीप अशी सहजासहजीं पुसली जात नाहीं.

आपल्याकडे या साधनाचा पूर्वज शोधावयाचा तर तो सिंधुदुर्ग जिल्ह्यांतील पिंगुळी येथें सांपडतो. तेथील ठाकर समाजांतील कलावंत रामायण-महाभारतांतील प्रसंगांचीं रंगविलेलीं चित्रें एकामागून एक प्रेक्षकांपुढें धरितात आणि वाद्यांच्या साथीवर कथा सांगतात. या चित्रकथीची परंपरा राखणारे परशुराम गंगावणे यांस 2021 सालीं पद्मश्री हा किताब जाहीर झाला. चित्रकथींत चित्र स्थिर असतें व शब्द चालतो. शब्दानेंच चित्रास गति द्यावयाची असते. दूरचित्रवाणीवर नेमकें उलट आहे. तेथें चित्र धांवत असतें, आणि रेघ त्यास क्षणभर थांबविते. परंतु कायदा दोन्हीकडे एकच आहे : चित्र आणि वाणी यांनीं एकमेकांचें काम हिरावून घेतां कामा नये. चित्रांत दिसतें तेंच शब्दानें पुनः सांगितलें तर कथा कंटाळवाणी होते; आणि शब्दाचें काम चित्रावर सोंपविलें तर कथा मुकी होते.

या कसोटीवर प्रथम रेघेची बाजू पाहूं. हातानें ओढलेल्या रेघेचा मोठा गुण हा कीं, ती पाहणाऱ्याच्या डोळ्यांदेखत जन्मास येते. छापील अंकलिपींत ‘ळ’ हें अक्षर तयार उभें असतें. त्याचा आरंभ कोठें, वळण कोणीकडे व शेवट कोठें, हें तें अक्षर सांगत नाहीं. मास्तरांचा हात फळ्यावर फिरतो तेव्हां अक्षराबरोबर त्याचा क्रमहि मुलास मिळतो. कोन दुभागण्याची कृति पुस्तकांतील पुऱ्या झालेल्या आकृतींत गोंधळाची वाटते. पण तीच कंसामागून कंस काढीत गेली कीं स्वच्छ उलगडते. 2020 च्या मार्चांत करोनाच्या साथीमुळें महाराष्ट्रांतील शाळा बंद झाल्या आणि पुढें मोबाईलच्या पडद्यावर वर्ग भरूं लागले, तेव्हां हा भेद पुष्कळांच्या प्रत्ययास आला. तयार चित्रांची मालिका सरकवीत जाणाऱ्या पाठापेक्षां, ज्या पाठांत शिक्षकाची रेघ अडखळत, खोडत, पुनः चालत पुढें जाई, तो पाठ मुलांस अधिक जवळचा वाटे. अडखळणाऱ्या रेघेंत विचार करणारा मनुष्य दिसतो, आणि विचार करणाऱ्याच्या सोबतीनेंच विचार शिकतां येतो.

क्रिकेटमध्येंहि रेघेस असें कार्य आहे. 2 एप्रिल 2011 रोजीं वानखेडे मैदानावर झालेला विश्वचषकाचा अंतिम सामना घ्या. श्रीलंकेनें 274 धांवा केल्या होत्या. भारताचे तीन गडी 114 धांवांवर बाद झाले असतां, युवराजसिंगाऐवजीं स्वतः धोनी फलंदाजीस उतरला. डावखुऱ्या गंभीरच्या जोडीस उजवा धोनी आल्यामुळें एकेरी धांव निघतांच क्षेत्ररक्षकांस मैदानाची बाजू बदलावी लागे, आणि गोलंदाजास आपला टप्पा व दिशा पुनः जुळवावी लागे. ही गोष्ट शब्दांनीं सांगूं गेल्यास परिच्छेद लागतो. जाणत्या हातानें दोन प्रकारचीं क्षेत्ररचना-चित्रें एकावर एक काढलीं तर ती अर्ध्या मिनिटांत समजते. परंतु श्रीलंकेच्या गोलंदाजांशीं आपला पूर्वपरिचय होता, असेंहि एक कारण धोनीनें मागाहून सांगितलें. हा परिचय कोणत्या रंगाच्या बाणानें दाखवावयाचा? मैदानावरील जागा रेघ दाखवूं शकते. ती जागा निवडणाऱ्याचें मन मात्र शब्दासच सांगावें लागतें. धोनीनें नाबाद 91 धांवा करून सामना जिंकून दिला, म्हणून त्या निर्णयाभोंवतीं आज कोणीहि कौतुकाचें वर्तुळ काढील. तो पहिल्याच चेंडूवर बाद होता, तर त्याच जागीं फुली पडली असती! घडून गेलेल्या गोष्टीस कारणाचा वेष चढविणें हा या साधनाचा पहिला दोष होय. रेघ बहुधा निकालानंतर ओढली जाते, पण पाहणाऱ्यास ती निकालापूर्वींच तेथें होती असें भासतें.

दुसरा दोष भाषेसंबंधीं आहे, आणि मराठी वाचकास तो अधिक लागावा. क्रिकेटचें मराठी समालोचन आकाशवाणीवर रूढ करणाऱ्यांत बाळ ज. पंडित यांचें नांव अग्रभागीं घ्यावें लागतें. त्यांच्यापुढें पडदा नव्हता. श्रोत्यास चेंडू दिसत नसे, मैदान दिसत नसे. जें कांहीं उभें करावयाचें तें शब्दानेंच. या निकडींतूनच खेळाची मराठी परिभाषा घोटली गेली. यष्टी, षट्क, पायचीत, त्रिफळाचीत, क्षेत्ररक्षक, फलंदाज हे शब्द आज ज्या सहजतेनें आपल्या तोंडीं येतात, त्यामागें वृत्तपत्रकारांचे व आकाशवाणीवरील समालोचकांचे परिश्रम आहेत. आतां पडद्यावर रेघ आली, आणि समालोचकाच्या वाणींत नामांची जागा सर्वनामांनीं घेतली. ‘हा बघा, इथून असा आला, आणि हा इथें!’ या वाक्यांत खेळाचा एकहि शब्द नाहीं. 2023 च्या आयपीएल स्पर्धेपासून मोबाईलवर इतर भाषांबरोबर मराठींतहि समालोचन ऐकूं येऊं लागलें, ही आनंदाची गोष्ट आहे. पण रेघेच्या आधारानें बोललेली मराठी डोळे मिटून ऐकली तर किती उरते, हें प्रत्येकानें एकदां करून पाहावें. स्वयंपाकघरांत काम करीत सामना कानानें पाहणारी गृहिणी, गाडी हांकणारा चालक, दृष्टिहीन श्रोता, या सर्वांस ‘इथें’ या शब्दाचा कांहींच उपयोग नाहीं. रेघेनें शब्दास हात द्यावा. तिनें शब्दाची जागा बळकावली कीं भाषा तेवढी दरिद्री होते.

तिसरा दोष रेघेच्या अधिकाराविषयीं आहे, आणि तो समजण्यासाठीं हाताच्या रेघेशेजारीं यंत्राची रेघ ठेवून पाहिली पाहिजे. हॉक-आय नांवाची यंत्रणा 2001 सालीं लॉर्ड्सवरील इंग्लंड-पाकिस्तान कसोटींत दूरचित्रवाणीवर प्रथम दिसली. अनेक कॅमेऱ्यांनीं टिपलेल्या चेंडूच्या जागा जुळवून तो पुढें कोठें गेला असता याचें ती अनुमान करिते, आणि तें अनुमान गुळगुळीत रंगीत पट्ट्याच्या रूपानें पडद्यावर मांडते. पंचांच्या निर्णयाच्या फेरतपासणीची पद्धति 2008 सालीं भारत-श्रीलंका कसोटींत प्रायोगिक स्वरूपांत आली. भारताच्या क्रिकेट मंडळानें या अनुमानावर पुष्कळ वर्षें अविश्वास दाखविला, व 2016 च्या नोव्हेंबरांत राजकोट कसोटीपासून इंग्लंडविरुद्ध ती मायदेशीं स्वीकारली. आतां या पट्ट्याचें रूप पाहा. चेंडूनें प्रत्यक्ष आक्रमिलेली वाट आणि यंत्रानें कल्पिलेली वाट या दोन्ही सारख्याच नितळ, सारख्याच निःशंक. डोळ्यानें पाहिलेलें कोठें संपलें व तर्क कोठें सुरू झाला, हें चित्राच्या घडणीवरून कळत नाहीं. चेंडूचा अर्ध्याहून कमी भाग यष्टींस लागेल असें दिसतें तेथें मैदानावरील पंचाचाच निर्णय कायम ठेवितात, एवढीच काय ती कबुली नियमानें राखून ठेविली आहे. हाताच्या रेघेस अशा वेगळ्या कबुलीची गरज नसते. तिचा वांकडेपणा, तिचें थरथरणें, वर्तुळाचीं न जुळलेलीं टोंकें, हींच तिची कबुली. हें एका माणसाचें मत आहे, असें ती आपल्या रूपानेंच सांगते. म्हणून समालोचकांच्या हातांतील रेघ यंत्राकडून सरळ करून घेण्याची जी हौस आतां दिसते, तीस आम्ही सुधारणा म्हणत नाहीं. मत तेंच राहतें; त्याच्या अंगावर शास्त्राचा झगा मात्र येतो.

कोणी म्हणेल, खेळांतल्या रेघेविषयीं एवढी चिंता कशास? त्याचें उत्तर आम्हांस खेळाबाहेर सांपडतें. आम्ही ज्या मोरवा गांवीं हें लिहीत आहों तें भाईंदर स्थानकाहून उत्तनकडे जाणाऱ्या रस्त्यावर, मुर्धा व राई यांच्या पुढें आहे. दहिसर-भाईंदर मेट्रोमार्गाच्या कारशेडसाठीं प्रथम राई, मुर्धा व मोरवा याच भागांतील जमीन योजिली होती. गांवकऱ्यांनीं विरोध केला, आणि पुढें ती जागा सोडून डोंगरी येथील जागा घेण्याचें ठरलें. या वादांत कोणाचें म्हणणें किती खरें होतें याचा निवाडा हें या लेखाचें काम नव्हे. आमचा मुद्दा एवढाच कीं, अशा योजनेंत जिवंत गांवाच्या चित्रावर कोणीतरी रेघ ओढतो आणि ‘हें इथें’ असें म्हणतो. ज्याचें घर रेघेखालीं येतें त्यास, ती कोणीं ओढली, कोणत्या आधारानें ओढली, आणि ती पुसतां येते किंवा नाहीं, हे प्रश्न विचारतां आले पाहिजेत. जो प्रेक्षक रोज संध्याकाळीं पडद्यावरील बाण निमूटपणें खरा मानतो, त्यास नकाशावरील रेघहि निमूटपणें खरी मानण्याची संवय जडते. उलट, ज्यास शिक्षकानें वा समालोचकानें ‘मला असें दिसतें, तुम्हीहि पाहा’ असें सांगून रेघ ओढून दाखविली, त्याची दृष्टि धीट होते.

यावरून या तिसऱ्या टीकेची परीक्षा कशी करावी हें ठरवितां येईल. रेघेबरोबर आलेलें वाक्य रेघेवांचूनहि अर्थपूर्ण असावें. दिसलेलें व अनुमानिलेलें यांचा रंग तरी वेगळा असावा. आणि रेघ वेळेवर पुसली जावी. या तिसऱ्या कलमाकडे समालोचकांचें दुर्लक्ष अधिक. पडद्यावर बाणांची आणि वर्तुळांची अशी गर्दी होते कीं, खालचा खेळाडू हुडकावा लागतो. जुन्या टीकाग्रंथांतहि हा रोग होताच. मूळ श्लोक दोन ओळींचा आणि त्याखालीं पाल्हाळ चार पानांचा. उत्तम टीका वाचून झाली कीं वाचक मूळ ग्रंथाकडे परत जातो, आणि पूर्वीं न दिसलेलें त्यास आतां आपोआप दिसूं लागतें. रेघेचेंहि तसेंच आहे. ती पुसल्यावर पुढच्या चेंडूस पाहणाऱ्याची नजर न सांगतां फलंदाजाच्या मागच्या पायाकडे गेली, तर ती रेघ सार्थकीं लागली. ती तशी गेली नाहीं आणि प्रेक्षक नव्या बाणाची वाट पाहत बसला, तर समालोचकानें कितीहि सुबक चित्र काढलें तरी त्यानें शिकविलें कांहींच नाहीं.