सांगणाऱ्या बाईच्या पदरात काय पडतं?

स्त्री-अभ्यासातला अलीकडचा कोणताही प्रबंध उघडा, पहिल्या प्रकरणात एक परिच्छेद हमखास भेटतो. मी सवर्ण आहे, शहरात वाढले आहे, त्यामुळे माझ्या दृष्टीला मर्यादा आहेत, अशी त्यात कबुली असते. पुढची पानं मात्र ती दिलीच नसल्यासारखी सरकतात. नमनाला घडाभर तेल जातं आणि वगाची पाळी आली की दिवा पुन्हा जुन्याच जागी.

हा परिच्छेद आयता मिळालेला नाही. १९७४ साली नीरा देसाईंच्या पुढाकाराने एसएनडीटी विद्यापीठात स्त्री-अभ्यासाचं केंद्र उभं राहिलं, तेव्हा ‘स्त्री’ म्हटल्यावर डोळ्यांसमोर येणारी बाई बहुधा सवर्ण, मध्यमवर्गीयच होती. १९९५ मध्ये गोपाळ गुरूंनी ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’त दलित स्त्रिया वेगळं बोलतात हे ठामपणे मांडलं. १९९८ मध्ये शर्मिला रेगेंनी तो धागा पुढे नेला. दलित स्त्रियांचं वेगळेपण मान्य करून इतरांनी सभ्यपणे बाजूला होणं त्यांना पुरेसं वाटत नव्हतं. इतरांनीही त्या जागेवरून जग पाहायला शिकावं, असा त्यांचा आग्रह होता. ही मागणी पेलायला अवघड होती. आपण तिचा एक परिच्छेद केला आणि सुटलो.

कोण बोलतं हे विचारायला मराठी स्त्रीवादी संशोधन शिकलं, पण जिने सांगितलं तिच्याकडे काय परत गेलं, हा प्रश्न अजून त्याच्या अंगवळणी पडलेला नाही.

याला ठळक अपवाद विद्यापीठाबाहेरचा आहे. ‘आम्हीही इतिहास घडवला’ हे पुस्तक १९८९ मध्ये आलं. उर्मिला पवार सरकारी नोकरी करणाऱ्या आणि मीनाक्षी मून चळवळीतल्या. आंबेडकरी चळवळीत वावरलेल्या बायकांचे पत्ते शोधत, घरी जाऊन या दोघींनी त्यांना बोलतं केलं. मुलाखती पुस्तकात बायकांच्या नावानिशी आल्या, आणि पुस्तक मराठीत असल्यामुळे ज्यांनी सांगितलं त्यांच्या घरात ते वाचलं जाऊ शकत होतं. संशोधनपद्धतीवरच्या व्याख्यानांत या पुस्तकाचा उल्लेख आदराने होतो, पण पद्धत म्हणून ते शिकवलेलं मला फारसं दिसलेलं नाही.

दलित लेखिका बेबी कांबळेंचं उदाहरण जास्त अवघड आहे. फलटणला दुकान सांभाळता सांभाळता, घरच्यांपासून वह्या लपवत त्यांनी ‘जिणं आमुचं’ हे आत्मकथन लिहिलं. फलटणमध्येच राहणाऱ्या मॅक्सिन बर्नसन यांच्या प्रोत्साहनाने ते आधी ‘स्त्री’ मासिकातून आणि पुढे पुस्तकरूपाने आलं. त्यात वस्तीतल्या सुनांचे हाल आहेत, सासवांचे जाच आहेत, भूक आहे. बेबीताईंचा स्वतःचा संसार मात्र जवळजवळ नाही. २००८ मध्ये माया पंडित यांनी केलेला इंग्रजी अनुवाद आला, सोबत त्यांनी घेतलेली मुलाखतही. त्या मुलाखतीत बेबीताई नवऱ्याच्या संशयाबद्दल आणि मारहाणीबद्दल बोलल्या. पुस्तक समाजासाठी लिहिलं होतं, स्वतःचं दुःख उगाळायला नव्हे, असा त्यांचा सूर आहे.

त्या बोलल्या असणार मराठीतच. पण मूळ मराठी पुस्तकाच्या वाचकाला त्यांचं मौन मिळतं आणि इंग्रजी वाचकाला ते मोडलेलं मिळतं. मुलाखत घेणं चूक होतं असं मी म्हणणार नाही. बेबीताई जाणत्या होत्या, विचारलं म्हणून बोलल्या. माझी तक्रार नंतरच्या अभ्यासकांबद्दल आहे. त्यांच्या लेखांत पुस्तकातली वस्ती मागे पडते आणि मुलाखतीतली मारहाण पुढे येते. लेखिकेने विचारपूर्वक जे बाजूला ठेवलं, तेच तिच्या लेखनाचं सार म्हणून मांडलं जातं. दलित पुरुषांकडे बोट दाखवायला टपलेल्यांची त्यात आयती सोय होते. आणि ती होऊ नये म्हणून मारहाणीबद्दल गप्प बसावं, तर तेही बाईच्याच जिवावर. या पेचाला सोपी वाट नाही. निदान लेखिकेने काय वगळलं आणि का, हे तिच्या जखमेइतक्याच गांभीर्याने वाचता येतं.

पेच नावाचाही असतो. देसाईगंज पोलीस ठाण्यातलं १९७२ चं बलात्काराचं प्रकरण पाठ्यपुस्तकांतही आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये दोन्ही आरोपी पोलिसांना सोडलं, १९७९ मध्ये कायद्याच्या चार प्राध्यापकांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं, स्त्रिया रस्त्यावर आल्या आणि १९८३ मध्ये कायदा बदलला. त्याच दुरुस्तीने बलात्कारित स्त्रीचं नाव छापण्यावर बंदी आली. जिच्यामुळे ती आली त्या आदिवासी मुलीचं नाव मात्र आजही प्रत्येक पुस्तकात छापलेलं असतं, प्रकरणही त्याच नावाने शिकवलं जातं. मी इथे ते लिहिलेलं नाही. वाचकाचं काही अडलं असेल असं वाटत नाही.

बीडच्या ऊसतोड बायकांकडे आलं की हे सगळे पेच एका कोपीत गोळा होतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. मुकादमाकडून उचल आधीच घेतलेली, आणि खाडा पडला की दंड. पाळीच्या दिवसांतही फडात उतरायचं, न्हाणीघर नाही, संडास नाही. अंगावरून जातं म्हणून डॉक्टरकडे गेलं की कर्करोगाची भीती घालून सल्ला मिळतो: पिशवी काढून टाका. २०१९ मध्ये नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीने पाहणी केली. ८२ हजारांहून अधिक बायकांपैकी १३ हजार ८००हून अधिक जणींची गर्भाशयं काढलेली निघाली. गर्भाशय नसलेल्या बायकांची गावं, असे मथळे झळकले.

आता अभ्यासकाने लिहायचं काय? बाईवर सक्ती झाली म्हणावं, तर मुलं झाल्यावर हिशेब करून कटकट संपवणारी बाई पुसली जाते. तिने स्वतः ठरवलं म्हणावं, तर डॉक्टर, मुकादम आणि कारखाना तिघेही अलगद निसटतात. मला दुसरा धोका मोठा वाटतो. खाड्याच्या दंडासमोर उभं राहून घेतलेल्या निर्णयाला निवड म्हणताना जरा चाचरायला हवं. पण पहिल्या धोक्याकडे दुर्लक्ष केलं की मथळेच तयार होतात. संमतिपत्राने यातलं काही सुटत नाही. अंगठा म्हटल्यावर जिला उचलीचा कागद आठवतो, तिच्यापुढे आणखी एक कागद सरकवणं म्हणजे संस्थेचं संरक्षण, तिचं नव्हे.

  

देवाणघेवाणीचा हिशेब वेगळ्या तऱ्हेने मांडणारा एक अभ्यास गडचिरोलीचा आहे. राणी बंग आणि अभय बंग यांनी दोन गावांतल्या ६५० बायका तपासल्या. ९२ टक्के बायकांना स्त्रीरोग निघाले, आणि आधी कधी अशी तपासणी झालेल्या जेमतेम ८ टक्के. १९८९ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये हे छापून आलं. पण ते करणारे डॉक्टर तिथेच राहिले, बायकांवर उपचार करत राहिले, आणि बायकांच्या बोलण्यातून राणीताईंचं ‘कानोसा’ हे पुस्तक मराठीत आलं. प्रत्येक अभ्यासक डॉक्टर नसतो, हे खरं. तरी बहुतेकांच्या हातात भाषा असतेच. पुणे विद्यापीठाच्या स्त्री-अभ्यास केंद्राने रेगेंच्या काळात मराठीतून अभ्याससाहित्य तयार करून भाषेतूनही परत देता येतं, हे दाखवून दिलं होतं.

आज मात्र कोपीत बसून मराठीत ऐकलेलं इंग्रजीत छापलं जातं, आणि एखादा लेख तर सशुल्क नियतकालिकाच्या कुलपात जातो. प्रबंधाच्या मौखिक परीक्षेत नमुना किती, प्रश्नावली कशी, सिद्धांत कोणाचा, हे सगळं विचारलं जातं. ज्यांनी सांगितलं त्यांना हे वाचून दाखवलं का, आणि दाखवल्यावर त्यांनी काय खोडायला सांगितलं, एवढं विचारणारा परीक्षक मला तरी अजून भेटलेला नाही.