बाईचा सवाल

आनंद पटवर्धन यांच्या ‘हमारा शहर’ या १९८५ सालच्या अनुबोधपटात एक प्रसंग आहे. मुंबईतल्या झोपड्या पाडल्या जात आहेत, कॅमेरा सारे टिपतो आहे, आणि एक बाई त्या कॅमेरावाल्यांवरच उखडते. गरिबांची चित्रे काढून तुम्ही नाव मिळवाल, आमच्या पदरात काय पडणार, असा तिचा रोख! दुसऱ्या कोणी हा तुकडा हळूच कापून टाकला असता. पटवर्धनांनी तो ठेवला. मी वाकोल्यात राहतो, शाळेत शिकवतो आणि कादंबऱ्या लिहितो. नाल्याकाठच्या किती आयांचे बोलणे उचलून मी माझ्या पुस्तकांत घातले, याचा हिशेब त्या बाईने मला मांडायला लावला.

१९७४ च्या बिहार आंदोलनापासून हा माणूस चित्रे घेतो आहे. अण्वस्त्रांवरील ‘जंग और अमन’ला सेन्सॉरने कात्री लावू पाहिली, तेव्हा २००३ साली मुंबई उच्च न्यायालयातून त्यांनी तो अखंड सोडवून आणला. लोक या लढाऊपणाचे कौतुक करतात. मला मोठा वाटतो तो त्यांचा चिवटपणा.

‘हमारा शहर’मध्ये विलास घोगरे हे शाहीर गातात. तिथे ते केवळ एक आवाज आहेत. खडा, मन हलवणारा, पण आवाजच. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, पोलिसांच्या गोळीबारात दहा जीव गेले. त्यानंतर थोड्याच दिवसांत घोगऱ्यांनी मुलुंडच्या आपल्या घरी आत्महत्या केली. डोक्याला निळे फडके बांधून. डाव्या चळवळीत वाढलेल्या शाहिराने शेवटी निळा रंग का जवळ केला? या एका प्रश्नामागे पटवर्धन चौदा वर्षे हिंडले, आणि २०११ साली ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा झाला. येथे आवाजाला घर मिळाले, घरातली माणसे मिळाली, वस्तीची गाणी आणि भांडणे मिळाली. तीन तासांहून अधिक लांबीचा हा चित्रपट मला कुठेही पाल्हाळिक वाटला नाही.

एक तक्रार मात्र आहे. विरोधकांपाशी पटवर्धन फार थांबत नाहीत. ‘राम के नाम’मध्ये पुजारी लालदास शांतपणे बोलतात, ते ऐकताना आपण श्वास धरतो, पण रामजन्माचे साल विचारल्यावर गडबडणारी तरुण पोरे केवळ हसण्यापुरती उरतात. त्यांच्या घरातही थोडे डोकवायला हवे होते.

‘जय भीम कॉम्रेड’ वस्त्यावस्त्यांतून पडदा बांधून दाखवला गेला. दिवाळीच्या सुटीत वाकोल्यातही दाखवावा असे मनात आहे. दोन बैठका लागतील. मुलांच्या आधी त्यांच्या आयांना बोलवावे म्हणतो.