डी सिका : सोंग आणि सत्य

वित्तोरिओ डी सिका (१९०१–१९७४) यांच्याविषयी लिहिताना समीक्षक बहुधा एक सोयीची वाटणी करतात. 'शूशाइन' (१९४६), 'बायसिकल थीव्ह्ज' (१९४८) आणि 'उंबेर्तो डी' (१९५२) यांचा दिग्दर्शक हा खरा कलावंत. पडद्यावर हसतमुखाने वावरणारा देखणा नट मात्र पोटार्थी, त्या दिग्दर्शकासाठी (आणि जुगाराच्या नादासाठीही) पैसा मिळविणारा. या वाटणीत तथ्य मुळीच नाही असे नाही. दुसऱ्यांच्या चित्रपटांतील त्यांच्या कित्येक भूमिका विसरून जाव्यात अशाच आहेत. परंतु नट वजा केला असता मागे उरणारा दिग्दर्शक आपणांस ओळखू येईल काय, याविषयी मला शंका आहे.

त्यांच्या अभिनयाचा आरंभ पाहावा. मारिओ कामेरीनी यांच्या १९३२ सालच्या ज्या चित्रपटाने ते लोकप्रिय झाले, त्यात ते मालकाची मोटार आपली म्हणून मिरविणारे मोटारचालक होते. १९३७ च्या 'सिन्योर मॅक्स'मध्ये उमराव म्हणून वावरणारे वृत्तपत्रविक्रेते. सर्व सोंगे आणता येतात, पैशाचे सोंग तेवढे आणता येत नाही, असे आपल्याकडे म्हणतात. नेमके तेच सोंग आणू पाहणारा माणूस ही या नटाची पहिली ओळख होती आणि त्याची फजिती तेव्हा विनोदाचा विषय होती.

आता 'उंबेर्तो डी'मधील प्रसंग आठवावा. निवृत्तिवेतनावर जगणे अशक्य झालेला वृद्ध रोममध्ये पँथिऑनपाशी भीक मागण्यासाठी हात पुढे करून पाहतो. कोणी द्यावयास थांबते, तोच तळवा उलटा होतो. जणू पाऊस पडतो आहे की काय, एवढेच त्याला पाहावयाचे होते. हेही पैशाचेच सोंग, पण येथे हसू ओठांवर येऊन थबकते. ही भूमिका करणारे कार्लो बात्तिस्ती भाषाशास्त्राचे प्राध्यापक. 'बायसिकल थीव्ह्ज'चे नायक लाम्बेर्तो माज्जोरानी कारखान्यातील कामगार. यावरून डी सिका यांनी अभिनयालाच हद्दपार केले असा निष्कर्ष काढला जातो. तो मला मान्य नाही. हालचाली ते स्वतः करून दाखवीत आणि या नवख्या पात्रांकडून त्या गिरवून घेत. उलटा होणारा तो हात प्राध्यापकांचा असला, तरी त्यातील वेळेचे भान कसलेल्या विनोदी नटाचे आहे. पटकथाकार चेझारे झावात्तिनी यांचे श्रेय यामुळे कमी होत नाही.

या दृष्टीने रॉस्सेलिनी यांचा 'जनरल देल्ला रोव्हेरे' (१९५९) मला विशेष महत्त्वाचा वाटतो. येथे डी सिका केवळ नट आहेत. जर्मनव्याप्त इटलीत कैद्यांच्या आप्तांकडून पैसे उकळणारा एक भामटा पकडला जातो. मृत जनरलच्या नावाने त्याला मिलानच्या तुरुंगात ठेवतात. बंदिवानांतून प्रतिकार-चळवळीचा नेता हुडकून देणे हे त्याचे काम. पण सहबंदिवानांचा आदर स्वीकारता स्वीकारता तो बदलतो आणि अखेर नेत्याचे नाव न सांगता जनरल म्हणूनच गोळ्यांना सामोरा जातो. कामेरीनींच्या चित्रपटांतील त्या तोतयाचाच हा उतारवयातील भाऊ आहे: तीच ऐट, तेच गोड बोलणे. फरक एवढाच की, या वेळी सोंग उतरवून ठेवण्याची संधी असूनही तो ते उतरवीत नाही.

दिग्दर्शन दुसऱ्याचे म्हणून हा चित्रपट डी सिका यांच्या कर्तृत्वाच्या हिशेबात सहसा धरला जात नाही. मी तो 'उंबेर्तो डी'च्या शेजारी ठेवीन.