वाड्याबाहेरचा निळू फुले

आमच्या कॉलेजच्या ग्रुपवर कुणीतरी दर दोन दिवसांनी निळू फुल्यांचं स्टिकर टाकतं. टोपी, मिशा, तिरकी नजर आणि वाड्यावर बोलावणारी ती ओळ. मीही टाकलंय. मागच्या महिन्यात ग्रुपमधल्या एका मुलीने विचारलं, "याचा एकतरी सिनेमा पाहिलाय का रे तुम्ही?" कुणीच पाहिला नव्हता. म्हणून पाहायला बसलो.

'सामना'पासून सुरुवात केली. १९७४, जब्बार पटेल, लेखन तेंडुलकरांचं. फुले इथे हिंदुराव धोंडे पाटील, साखर कारखान्यावर उभं राहिलेलं साम्राज्य चालवणारा माणूस. मला वाटलं होतं तो गुरकावेल. पण तो पाहुणचार करतो! कुठून तरी आलेल्या दारुड्या मास्तरला (श्रीराम लागू) घरी ठेवून घेतो, पाजतो, त्याचं कौतुक करतो. मास्तर मारुती कांबळेचं काय झालं हे विचारत राहतो आणि हिंदुरावाचा आदरसत्काराचा मुखवटा हळूहळू सैल होतो. या माणसाला आवाज चढवायची गरजच नाही, कारण गावात त्याला नाही म्हणणारं कुणी नाही. ही सत्तेची सवय फुले मान किंचित कलती ठेवून, शब्द सावकाश सोडत दाखवतात. मीममधल्या माणसाला घाई आहे, हिंदुरावाला अजिबात नाही. म्हणून तो जास्त भीतिदायक.

मग 'सिंहासन' (१९७९). दिग्दर्शक तोच, लागूही आहेत, पण फुल्यांकडे वाडा नाही, सत्ता नाही. ते दिगू टिपणीस, पत्रकार. मुख्यमंत्री आणि अर्थमंत्री एकमेकांना पाडायला निघालेत आणि दिगू ऐकतो. बराच वेळ फक्त ऐकतो. ऐकण्याचा अभिनय करणं किती अवघड असेल याचा मी आधी विचारच केला नव्हता. त्या चेहऱ्यावर कंटाळा, कुतूहल आणि थोडी किळस एकाच वेळी असते. शेवटी तो वेड्यासारखा हसत सुटतो. ते हसू बघून मी मोबाइल उलटा ठेवला. थोडा वेळ दुसरं काही बघावंसं वाटेना.

हा माणूस आला होता राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकातून. 'कथा अकलेच्या कांद्याची' हे लोकनाट्य गाजलं, मग १९६८ मध्ये अनंत मान्यांच्या 'एक गाव बारा भानगडी'तला झेलेअण्णा. रंगभूमीवर पहिला 'सखाराम बाइंडर'ही त्यांचाच, १९७२ सालचा. पण सिनेमाने एकदा त्यांच्यातला सरपंच ओळखला, आणि पुढे वर्षानुवर्षं तोच मागितला. माझी आजी टीव्हीवर ते दिसले की "मेला आला" म्हणायची. ती दाद होती हे तिला पटलं नसतं.

इथे थोडं कडूही बोलायला हवं. त्या सरपंचपटांपैकी मी चार-पाच पाहिले, त्यातले बहुतेक पुन्हा पाहणार नाही. बाईची अब्रू हा तिथे कथानकाला पुढे ढकलायचा दांडा असतो, आणि फुले त्यात इतके चोख बसतात की दांडा चालतो. म्हणजे त्यांच्या कसबानेच वाईट सिनेमे तरले. 'सारांश'मध्ये (१९८४) गजानन चित्रे हा पुढारी करताना मात्र तेच साहित्य पुन्हा धारदार होतं. मुंबईत त्याला वाडा लागत नाही, म्हाताऱ्याच्या दारात माणसं उभी केली की काम होतं.

१३ जुलै २००९ ला ते गेले, तेव्हा मी दुसरीत होतो. त्यामुळे माझ्यासाठी फुले हे आधी स्टिकर, मग नट. क्रम उलटा लागला. ग्रुपवर मी 'सिंहासन'ची लिंक टाकली, खाली लिहिलं, शेवटचा सीन तरी बघा.

दोन निळ्या टिका आल्या. तिसरा मेसेज स्टिकरचाच होता. त्या मुलीने मात्र रात्री एक वाजता लिहिलं, "तो का हसला रे?"