सुमित्रा भावे: ऐकून लिहिलेल्या पटकथा

पावसाळ्यात डहाणूच्या किनाऱ्याला जखमी कासवं लागतात आणि इथल्या केंद्रात त्यांच्यावर उपचार होतात. त्यामुळे ‘कासव’ (२०१६) मधली कासवं निव्वळ प्रतीक आहेत, हे इथल्या प्रेक्षकाला पटायचं नाही. सुमित्रा भावे यांनाही ते तसं नको असावं. चित्रपटात अंडी राखणं हे आधी रोजचं काम म्हणून दिसतं. जगण्याला विटलेला मानव त्या कामाच्या आसपास हळूहळू स्थिरावतो. त्याला आसरा देणारी जानकी प्रश्न विचारत नाही, ही त्या पटकथेतली सर्वांत धीट गोष्ट.

भाव्यांचा सिनेमा ‘विषयाचा सिनेमा’ म्हणून बाजूला ठेवायची आपल्याला सवय आहे. ‘देवराई’ म्हणजे स्किझोफ्रेनिया, ‘नितळ’ म्हणजे कोड, ‘अस्तु’ म्हणजे अल्झायमर. ही यादी दवाखान्याच्या फलकावर शोभेल. पटकथाकाराबद्दल ती काहीच सांगत नाही.

भावे सिनेमाकडे आल्या त्या समाजकार्यातून. पुण्यात शिकवलं, झोपडपट्टीतल्या बायकांचा अभ्यास केला; दलित स्त्रियांच्या आत्मकथनांचं ‘पॅन ऑन फायर’ हे पुस्तक त्यातूनच आलं. ‘बाई’ (१९८५) हा लघुपट त्याच वाटेवरचा. पुढे सुनील सुकथनकर जोडीने दिग्दर्शन करू लागले, तरी लेखणी मुख्यतः भाव्यांचीच राहिली. ‘दोघी’ (१९९५) पाहताना मुलाखती घेणाऱ्या बाईचा कान जाणवतो. लग्नाच्या दिवशी नवरदेव अपघातात जातो, दोघी बहिणींतल्या थोरलीला मुंबईला धाडतात आणि तिच्या कमाईवर जगणारं घर तिच्याकडे बघायचं टाळतं. इथे कुणी खलनायक नाही. गावाच्या न बोलण्यानंच सगळं घडतं.

दोष आहेतच. मधल्या काळात पात्रं आपला आजार स्वतःच समजावून सांगू लागतात. ‘देवराई’त अतुल कुलकर्णींचा शेष इतका जिवंत आहे, की शेजारी चाललेली माहिती नकोशी होते. प्रबोधनाचा जुना हात सुटत नव्हता, दुसरं काय! ‘अस्तु’त मात्र तो ढिला पडला. हत्तीमागे निघून गेलेल्या विद्वानाला माहुताची बायको चन्नम्मा सांभाळते. दोघांची भाषा एक नाही, तरी नातं जमतं. या चित्रपटाच्या संवादांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मला त्यातले न बोललेले भाग जास्त आवडतात.

‘दिठी’ त्यांच्या निधनानंतर, मे २०२१मध्ये, लोकांसमोर आली. दि. बा. मोकाशींच्या कथेवरची ही पटकथा मला सर्वांत नेटकी वाटते. पोरगा पुरात गेलेला रामजी विठ्ठलाशी भांडतो आणि अडलेल्या गाईला सोडवायला हात घालतो. व्याख्यान नाही, काही नाही.

आज मराठीत लेखक-दिग्दर्शक म्हटलं की नागराज मंजुळे आठवतात, चैतन्य ताम्हाणे आठवतात. ‘फँड्री’मागे स्वतः भोगलेलं गाव आहे, ‘कोर्ट’मागे लांबून रोखलेली नजर. दुसऱ्याजवळ बसून त्याचं ऐकत लिहिणं ही भाव्यांची वाट होती. तिच्यावर आता फारशी वर्दळ नाही.

डहाणू-तलासरीला तीच वाट हवी आहे. जिव्या सोमा म्हसे यांच्या गंजाडपासून वारली चित्रं जगभर गेली. कॅमेरा इथे आला की त्याला तारपा आणि रंगवलेल्या भिंती पुरतात. वाढवण बंदराच्या बाजूने आणि विरोधात एकाच घरात बोलणारी माणसं इथे आहेत. पहाटेच्या गाडीने मुंबईला कामाला जाणाऱ्या बायकाही आहेत. त्यांच्याजवळ वर्षभर नुसतं बसायला कुठला निर्माता पैसे देईल, हा प्रश्न भाव्यांनाही सोपा नव्हता.